वेळ जुळवणारा माणूस

खोडदच्या रेडिओदुर्बिणीबद्दल आमच्या भागात तीन समजुती पक्क्या आहेत. तिच्यातून उपग्रहाशी बोलतात, ही पहिली. ती फिरली की ढग पांगतात, ही दुसरी. आणि आत नक्की काय चालतं ते सरकारलाही ठाऊक नाही, ही तिसरी. नारायणगावात माझं घड्याळदुरुस्तीचं दुकान आहे, त्यामुळे या तिन्ही समजुती काउंटरवर बसल्या बसल्या कानावर येतात. पाऊस लांबला की एखादा द्राक्षवाला हमखास विचारतो, "काय हो काका, त्या तबकड्या फिरायला लागल्या की पाऊस कसा काय जातो?" मी सांगतो, "अरे बाबा, ती जाळी आहे, पंखा नव्हे. वारासुद्धा आरपार जातो तिच्यातून." त्याचं समाधान होत नाही. पण माझं झालंय, कारण त्या जाळीचं खरं काम माझ्याच धंद्यातलं आहे. ते काम म्हणजे वेळ जुळवणं.

ज्या माणसानं ती उभी केली, त्या गोविंद स्वरूप यांचा जन्म २३ मार्च १९२९ चा, उत्तर प्रदेशात मुरादाबाद जिल्ह्यातल्या ठाकुरद्वारा गावचा. आमच्या जुन्नर-आंबेगावशी त्यांचं नातं ना रक्ताचं ना गणगोताचं. तरी या दोन तालुक्यांच्या इतिहासात त्यांच्यासाठी एक पान राखून ठेवायला हवं, असं माझं ठाम मत आहे. ते का, ते सांगण्यासाठी हा प्रपंच.

आधी आमच्याकडच्या वेळेबद्दल थोडं. नाणेघाटाच्या लेण्यातला नागनिकेचा शिलालेख सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीचा. केलेले यज्ञ आणि दिलेल्या गाई आकड्यांनिशी कोरून ठेवणारा तो लेख म्हणजे देशातल्या जुन्यात जुन्या लिहिलेल्या अंकांपैकी एक दाखला. घाटमाथ्यावरचा जकातीचा म्हणून दाखवतात तो दगडी रांजण आजही उभा आहे. म्हणजे मोजणं आमच्या मातीत जुनंच. वेळ मात्र लोक पाण्यानं मोजत. तांब्याची वाटी, तिच्या बुडाला बारीक भोक, खाली पाण्याचं घंगाळ. वाटी बुडाली की २४ मिनिटांची एक घटिका भरली. अशा ६० घटिकांचा एक दिवस. लग्नाच्या मांडवात ते घटिकापात्र मांडायची रीत घड्याळं आल्यावरही बरीच वर्षं टिकली. पंचांग करणाऱ्यांच्या हाताशी होतं गणेश दैवज्ञांचं 'ग्रहलाघव'. कोकणातल्या नांदगावच्या या माणसानं १५२० च्या सुमारास ते लिहिलं आणि ग्रहगणितातला ज्या-कोज्यांचा पसारा टाळून साध्या गुणाकार-भागाकारात काम बसवलं. महाराष्ट्रातली पंचांगं पुढं कैक पिढ्या त्यावर चालली. कमी सामानात अचूक काम करायची ही तऱ्हा लक्षात असू द्या. तिचं पुढं काम पडणार आहे.

मग इंग्रजी घड्याळ आलं आणि वेळेची भांडणं सुरू झाली. १९०६ साली साऱ्या देशाला एकच प्रमाणवेळ लावली गेली. मुंबई मात्र आपल्या ३९ मिनिटं मागच्या 'बॉम्बे टाइम'ला १९५५ पर्यंत चिकटून राहिली. आजही आमच्या डोक्यावरचा सूर्य सरकारी घड्याळ मानत नाही. वर्षाची सरासरी धरली तर जुन्नर-खोडदला खरी दुपार १२ वाजून ३४ मिनिटांच्या आसपास होते. माझे वडील दुकानातलं लंबकाचं घड्याळ आकाशवाणीच्या ठोक्यांवर लावायचे. रेडिओचा शेवटचा लांब ठोका पडला की बोटानं लंबकाला ढकलायचे. लांबून येणाऱ्या ठोक्यावर आपलं घड्याळ लावणं म्हणजे काय, ते मी असं शिकलो. स्वरूप यांचं आयुष्य वाचताना मला ही कृती पदोपदी आठवली.

अलाहाबादेत एम.एस्सी. करून ते दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेत के. एस. कृष्णन यांच्याकडे लागले. १९५३ साली शिष्यवृत्तीवर ऑस्ट्रेलियाला गेले. दुसऱ्या महायुद्धातले रडारवाले तिथं आता आकाशाकडे कान लावून बसले होते. सिडनीजवळ पॉट्स हिल इथं सूर्याच्या रेडिओलहरी टिपायला सहा-सहा फुटांच्या ३२ तबकड्यांची रांग होती. तिचं तिथलं काम संपत आलं होतं. या तबकड्या भारताला मिळाव्यात म्हणून स्वरूप यांनी खटपट केली आणि त्या मिळाल्यासुद्धा. फक्त त्या इकडे पोचायला इतका वेळ गेला, की दरम्यान हा माणूस अमेरिकेला निघूनही गेला. टेक्सासच्या फोर्ट डेव्हिसमध्ये त्यांनी सूर्यावरच्या रेडिओस्फोटांचा एक नवा प्रकार शोधला. आलेखावर त्याची रेघ उलट्या इंग्रजी 'यू'सारखी वळते. मग स्टॅनफर्डला रोनाल्ड ब्रेसवेल यांच्या हाताखाली पीएच.डी.

स्टॅनफर्डचं एक काम कारागिरानं लक्ष देऊन बघावं असं आहे. अनेक तबकड्या जोडून एक दुर्बीण करायची, तर प्रत्येकीचा संदेश केबलमधून मधल्या खोलीत यायला नेमका किती वेळ लागतो ते कळायला हवं. केबल उन्हात तापते, रात्री थंड होते, किंचित लांब-आखूड होते, आणि हिशोब बिघडतो. स्वरूप आणि त्यांचे सहकारी यांग यांनी १९६१ साली उपाय दिला. मधल्या खोलीतून एक लहर तबकडीपर्यंत पाठवायची, तिथून ती परत बोलवायची, आणि गेलेली लहर व आलेली लहर यांत किती फरक पडला तो मोजायचा. जाऊन-येऊन लागलेला वेळ कळला की केबलची लबाडी आपोआप उघडी पडते. तबकडीपाशी जाऊन काही मोजायची गरजच नाही. जगभरच्या रेडिओदुर्बिणींत ही युक्ती रुजली. माझ्या दृष्टीनं स्वरूप यांचा खरा शोध हाच. पुढचं सगळं त्याचा विस्तार आहे.

परदेशात काम करणाऱ्या चार भारतीयांनी १९६१ मध्ये मायदेशी रेडिओखगोलशास्त्र सुरू करायचा प्रस्ताव पाठवला. स्वरूप यांच्यासोबत टी. कृष्णन, एम. आर. कुंडू आणि टी. के. मेनन होते. होमी भाभांनी १९६२ च्या सुरुवातीलाच तारेनं होकार कळवला. १९६३ साली स्वरूप मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत, म्हणजे टीआयएफआरमध्ये, रुजू झाले. सिडनीच्या त्या ३२ तबकड्या १९६५ मध्ये कल्याणला उभ्या राहिल्या आणि सूर्याचं निरीक्षण सुरू झालं. जुन्या, दुसऱ्यांनी वापरून सोडलेल्या सामानावर या देशाच्या रेडिओखगोलशास्त्राचा श्रीगणेशा झाला, हे मी मुद्दाम सांगतो. आमच्या धंद्यातसुद्धा चार बंद घड्याळं मोडून एक चालू करतात.

मग उटी. तिथली दुर्बीण ५३० मीटर लांब आणि ३० मीटर रुंद. ती ज्या डोंगरउतारावर आहे, त्याचा उतार त्या जागेच्या अक्षांशाइतकाच, म्हणजे सुमारे ११ अंश, हेरून घेतला. त्यामुळे दुर्बिणीचा लांब आस आपोआप पृथ्वीच्या आसाशी समांतर झाला आणि एकाच दिशेनं फिरवून आकाशातला तारा तासन्‌तास धरता आला. आरशाच्या जागी पोलादाच्या बारीक ११०० तारा ताणलेल्या. १९७० मध्ये ती चालू झाली. तिच्यावरचं मोठं काम होतं चंद्राच्या आडोशाचं. चंद्र सरकत सरकत दूरच्या एखाद्या रेडिओस्रोताला झाकतो. त्या क्षणी संदेश विझतो, दुसऱ्या कडेनं पुन्हा उमटतो. चंद्राची कडा कुठल्या क्षणी कुठं असते ते पक्कं माहीत असतं. म्हणून विझण्याची आणि उमटण्याची वेळ अचूक टिपली की स्रोताची जागा आणि त्याचा आकार दोन्ही निघतात. अशा रीतीनं हजाराहून जास्त स्रोत तपासले गेले. विश्व आज दिसतं तसंच कायम होतं की काळाबरोबर बदललं, या त्या वेळच्या जोरदार वादात उटीच्या नोंदींनी बदलाच्या बाजूनं, म्हणजे महास्फोटाच्या बाजूनं, वजन टाकलं. अंतर मोजायला वेळ वापरायची, हे सूत्र इथंही तेच.

१९८४ च्या सुमारास स्वरूप यांच्या डोक्यात आणखी मोठं काम घोळू लागलं. हायड्रोजनचा अणू २१ सेंटिमीटर लांबीची लहर सोडतो. विश्व पसरत असल्यामुळे फार पूर्वी निघालेली ही लहर वाटेत ताणली जाते आणि आपल्यापर्यंत मीटरच्या घरातली होऊन पोचते. म्हणजे लहर जितकी लांब, तितका तो निरोप जुना. दीर्घिका आकाराला येण्याआधीचे हायड्रोजनचे ढग शोधायचे तर मीटर लांबीच्या लहरी ऐकणारा मोठा कान हवा. असा कान जगात नव्हता. काळात मागे डोकावणाऱ्या यंत्राच्या गोष्टी इंग्रजीत एच. जी. वेल्सपासून आणि मराठीत जयंत नारळीकरांपर्यंत पुष्कळ लिहिल्या गेल्या. हा माणूस ते यंत्र सिमेंट आणि तारा आणून बांधायला निघाला होता.

जागा शोधताना निकष कडक होते. रेडिओचा गोंगाट कमी हवा. भोवती डोंगर हवेत, म्हणजे शहरांचा आवाज अडेल. पुणे-मुंबई जवळ हवं, कारण माणसं आणि सामान तिथूनच येणार. विषुववृत्ताजवळच्या वातावरणाच्या वरच्या थरात रेडिओलहरी लुकलुकतात, म्हणून जागा तिथून पुरेशी उत्तरेला हवी. पण इतकीही उत्तरेला नको की दक्षिणेचं आकाश हातचं जाईल. या सगळ्यातून चाळून उरलं ते नारायणगावजवळचं खोडद. आमच्या डोंगरांचा हा गुण सरकारी माणसांना आधीच कळलेला होता. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला परदेशांशी उपग्रहामार्फत बोलणारं देशातलं पहिलं भूकेंद्र जवळच्याच आर्वीला उभं राहिलं होतं. खोडदची दुर्बीण उपग्रहाशी बोलते, हा लोकांचा समज बहुधा आर्वीवरूनच आला असावा.

१९८७ मध्ये प्रकल्प मंजूर झाला आणि काळ्या रानात एकेक मनोरा वर येऊ लागला. ४५ मीटर व्यासाच्या, म्हणजे जवळपास दीडशे फुटी, ३० तबकड्या. त्यातल्या १४ मधल्या सुमारे एक किलोमीटरच्या चौकात दाटीनं, आणि उरलेल्या १६ इंग्रजी 'वाय' आकाराच्या तीन हातांवर. प्रत्येक हात सुमारे १४ किलोमीटर लांब. दक्षिणेकडचा हात आंबेगावच्या दिशेनं जातो. दोन टोकांच्या तबकड्यांमधलं जास्तीत जास्त अंतर २५ किलोमीटर. तीस तबकड्यांचं तोंड एकत्र मोजलं तर पावणेबारा एकरांच्या आसपास भरतं. अमेरिकेच्या न्यू मेक्सिकोतल्या नामांकित दुर्बिणीत २५ मीटरच्या २७ तबकड्या आहेत. क्षेत्रफळात आपली तिच्या तिप्पटीहून मोठी. आणि सगळा खर्च सुमारे ५० कोटी रुपये.

एवढ्यात हे कसं बसलं, ते एका तबकडीखाली उभं राहून वर पाहिलं की कळतं. पत्रा दिसतच नाही. मध्यापासून कडेकडे १६ वाकवलेल्या नळ्यांच्या कमानी जातात. कमानींमधून पोलादी दोरांचं जाळं ताणलेलं असतं. त्या दोरांवर अर्ध्या मिलिमीटरहून किंचित जाड स्टेनलेस तारेची जाळी पसरलेली असते. मधोमध जाळीची घरं १० मिलिमीटरची, त्याबाहेर १५ ची, कडेला २० ची. दोर ठरल्या जागी ठरल्या ताणानं ओढले की जाळी आपोआप वाटीचा आकार घेते. मीटरभर लांबीच्या लहरीला दोन सेंटिमीटरचं भोक दिसतच नाही. तिच्यासाठी ती जाळी म्हणजे आरसाच. वारा मात्र निघून जातो, म्हणून भार कमी, म्हणून मनोरा हलका, मोटारी लहान, बिल कमी. एका साध्या जाणिवेतून केवढी बचत. ग्रहलाघवाची आठवण मला इथं होते. नको ते टाळलं की जे उरतं ते नीट करायला सवड मिळते.

पण लोखंडात वाचवलेलं वेळेत भरावं लागतं. तीस तबकड्या वेगवेगळ्या जागी आहेत. आकाशातून आलेली एकच लाट एकीवर आधी पोचते, दुसरीवर मागून. २५ किलोमीटरच्या टोकांमध्ये हा फरक सेकंदाच्या बारा हजाराव्या भागापर्यंत जाऊ शकतो. आणि मीटरभर लांबीची एक लाट पुरी व्हायला लागतो सेकंदाचा तीस कोटीवा भाग. म्हणजे प्रत्येक तबकडीचा निरोप काचतंतूच्या केबलनं मधल्या खोलीत आणायचा, त्याला योग्य तेवढं थांबवायचं आणि मगच दुसऱ्याशी ताडून पाहायचं. पृथ्वी फिरते म्हणून हे थांबवणंही क्षणोक्षणी बदलत राहतं. भजनात तीस टाळकरी असावेत आणि सगळ्यांचे टाळ एकाच मात्रेवर पडावेत, तसं. एकाचा जरी हात मागं राहिला तरी गजर विस्कटतो. ते जमलं, तर २५ किलोमीटर रुंद एकच डोळा असल्यासारखी बारीक चित्रं मिळतात. तीस सुट्या तबकड्यांची एक दुर्बीण होते ती लोखंडामुळे नव्हे, या जुळवणीमुळे.

हे काम एकट्याचं नव्हतं. विजय कपाही, एस. अनंतकृष्णन यांच्यासारखे जोडीदार, टाटा कन्सल्टिंग इंजिनियर्सचे रचनाकार, पुण्यात विद्यापीठाच्या आवारात उभी राहिलेली राष्ट्रीय रेडिओ खगोलभौतिकी केंद्र ही संस्था, आणि खड्डे खणणारी, केबल पुरणारी आमच्याच गावांतली माणसं. ४ ऑक्टोबर २००१ रोजी रतन टाटांच्या हस्ते दुर्बिणीचं राष्ट्रार्पण झालं. पुढच्या वर्षापासून जगभरच्या शास्त्रज्ञांना ती खुली झाली. अर्ज करावा, पटला तर वेळ मिळतो. जे वाटलं जातं ते तासांच्या हिशोबानं, आणि मागणी कायम शिलकीपेक्षा जास्त.

आता मुद्द्याचं. ज्या आदिकाळातल्या हायड्रोजनच्या ढगांसाठी हा सारा घाट घातला, ते ढग स्वरूप यांना सापडले नाहीत. तो निरोप इतका क्षीण आहे, की 'असलाच तर याहून जास्त मोठा नाही' अशी मर्यादा घालण्यापर्यंतच काम गेलं. वाटेवरचं मात्र पुष्कळ हाती लागलं. २०२० मध्ये याच दुर्बिणीवर सुमारे ८०० कोटी वर्षांपूर्वीच्या दीर्घिकांमधला हायड्रोजन मोजला गेला. २०२३ च्या जानेवारीत एका दूरच्या दीर्घिकेची २१ सेंटिमीटरची लहर इथं टिपल्याचं जाहीर झालं. ती निघाली तेव्हा विश्वाचं वय आजच्या निम्म्याहूनही कमी होतं. पोचेपर्यंत लांबी ४८ सेंटिमीटर झाली होती. त्याआधी १९ ऑक्टोबर २०१६ रोजी मंगळाकडे झेपावणाऱ्या युरोपच्या स्कियापरेली यानाची क्षीण हाक सतरा कोटींहून जास्त किलोमीटरांवरून खोडदला ऐकू येत होती. ती हाक इथवर यायला जवळजवळ दहा मिनिटं लागत होती. उतरण्याच्या थोडं आधी आवाज तुटला आणि यान आपटलं.

माझ्या धंद्याला सगळ्यात जवळचं काम मात्र स्पंदकांचं आहे. १९६७ मध्ये केंब्रिजला जोसलिन बेल यांना पहिला स्पंदक दिसला. मेलेल्या मोठ्या ताऱ्याचा उरलेला गाभा स्वतःभोवती फिरतो आणि दर फेऱ्याला रेडिओचा एक ठोका आपल्याकडे टाकतो. त्यातले काही सेकंदाला शेकडो गिरक्या घेतात. खोडदच्या दुर्बिणीनं शोधलेल्या स्पंदकांतला एक, २००४ साली जाहीर झालेला, एनजीसी १८५१ या तारकागुच्छात सेकंदाला सुमारे २०० वेळा फिरतो.

घड्याळजी घड्याळ कसं तपासतो ते सांगितलं की पुढचं सोपं जाईल. एचएमटीचं जनता घ्या. सेकंदाला पाच ठोके, दिवसाला ४ लाख ३२ हजार. ते दिवसाला अर्धं मिनिट पुढं पळतंय म्हणून गिऱ्हाईक आणतं. नवशिक्या लगेच काटा मागं ओढतो. तसं करायचं नसतं. आधी कारण शोधायचं. केसासारखी बारीक स्प्रिंग चुंबकित झाली असेल तर वेटोळी एकमेकांना चिकटतात आणि घड्याळ पळतं. तेल सुकलं असेल तर चाक अडखळतं. डबी उताणी ठेवली की एक चाल, उभी ठेवली की दुसरी. कुठल्या कारणानं किती फरक पडला ते वेगळं काढल्यावर जो फरक उरतो, तो खरा.

पुण्याच्या संस्थेसह देशातले आणि जपानमधले शास्त्रज्ञ मिळून बनलेला एक गट खोडदला हेच करतो, फक्त घड्याळं त्यांची आकाशातली. एक नमुना सांगतो. दक्षिण आकाशातला जे०४३७–४७१५ हा स्पंदक दिवसाला दीड कोटी ठोके देतो आणि तो आपल्यापासून सुमारे ५१० प्रकाशवर्षांवर आहे. म्हणजे आज खोडदच्या जाळीवर पडणारा त्याचा ठोका निघाला, तेव्हा जुन्नरमधून सुरू झालेली निजामशाही नवीन होती आणि गणेश दैवज्ञ 'ग्रहलाघव' लिहायच्या वयात येत होते. वाटेत ताऱ्यांमधल्या विरळ वायूमुळे लांब लहरी मागं पडतात, आखूड लहरी पुढं येतात. खोडदची दुर्बीण एकाच वेळी दोन पट्ट्यांत ऐकू शकते, त्यामुळे वाटेतला हा उशीर वेगळा काढता येतो. तो काढला, पृथ्वीच्या फिरण्याचा हिशोब वळता केला, आणि तरीही अनेक स्पंदकांच्या ठोक्यांत वर्षानुवर्षं एकाच जातीचा बारीक फरक राहिला. एका दिशेचे ठोके जरा लवकर, दुसऱ्या दिशेचे जरा उशिरा. २९ जून २०२३ रोजी युरोपच्या गटानं आणि या गटानं मिळून सांगितलं, की महाकाय कृष्णविवरांच्या जोड्यांमुळे उठणाऱ्या गुरुत्वीय लहरींचा हा माग दिसतो. त्याच दिवशी अमेरिका, ऑस्ट्रेलिया आणि चीनमधल्या गटांनीही तसाच माग जाहीर केला. या लहरींचा एक चढउतार पुरा व्हायला काही वर्षं लागतात. त्यांचा अंदाज घ्यायला सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाहून बारीक नजर लागते.

स्वरूप हे ऐकायला नव्हते. ७ सप्टेंबर २०२० रोजी पुण्यात, वयाच्या ९१ व्या वर्षी ते गेले. त्याच वर्षी विद्युत-अभियंत्यांच्या जागतिक संस्थेनं, आयट्रिपलईनं, खोडदच्या दुर्बिणीला मैलाच्या दगडाचा मान दिला.

आमच्या भागानं मात्र या दुर्बिणीची किंमतही मोजली आहे, हे सांगितलं नाही तर लेख एकांगी होईल. रेडिओचा गोंगाट करणारा उद्योग इथं सहजी येऊ शकत नाही. वीजवाहिनीच्या ठिणगीपासून मोबाइलच्या मनोऱ्यापर्यंत कशाकशाची विचारणा करावी लागते. पुणे–नाशिक रेल्वे नारायणगाववरून जाणार म्हणून आम्ही किती वर्षं वाट पाहिली, आणि तिच्या आखणीत दुर्बीण आडवी आली. टोमॅटोचा भाव पडला की बाजार समितीत त्यावरून दोन शिव्या पडतातच. द्राक्षं आणि टोमॅटो पिकवणाऱ्या माणसाला लवकर मुंबई-नाशिक गाठायचं असतं, त्याला ५१० वर्षांपूर्वीच्या ठोक्याचं काय? त्याचा प्रश्न खोटा नाही. दिंभे धरणाखाली ज्या तालुक्याचं मूळ आंबेगावच गेलं, तिथल्या माणसांना देशाच्या कामासाठी काय सोडावं लागतं ते शिकवायची गरज नाही. माझं म्हणणं एवढंच, की जे आपण दिलं त्याच्या बदल्यात काय मिळालं ते तरी आपल्याला नीट ठाऊक असावं. दरवर्षी २८ फेब्रुवारीला, विज्ञानदिनी, खोडदला प्रदर्शन भरतं. आसपासच्या शाळांची हजारो मुलं येतात, खडूनं रंगवलेले तक्ते आणि पुठ्ठ्याचे ज्वालामुखी मांडतात. तबकडीखाली फोटो काढतात. जगातली केवढी मोठी दुर्बीण, ते त्यांना पाठ असतं. त्याऐवजी मोठेपणाचं कारण सांगायला हवं.

ते कारण पुढंही चाललंय. १९९१ मध्येच स्वरूप यांनी एक चौरस किलोमीटर तोंडाच्या, अनेक देशांनी मिळून बांधायच्या दुर्बिणीची कल्पना लिहून मांडली होती. आज तशीच दुर्बीण, 'स्क्वेअर किलोमीटर ॲरे', दक्षिण आफ्रिकेत आणि ऑस्ट्रेलियात उभी राहते आहे. भारत सरकारनं तिच्यासाठी १२५० कोटी रुपये मंजूर केले आहेत. तिच्या हजारो अँटेना चालवणारी, त्यांच्यावर नजर ठेवणारी संगणकप्रणाली घडवण्यात पुण्याची संस्था पुढं आहे, आणि हे काम तिला मिळालं ते खोडदला तीस तबकड्या एका तालात चालवून दाखवल्यामुळे. ज्या ऑस्ट्रेलियातून आपण वापरलेल्या ३२ तबकड्या मागून आणल्या, तिथं आता आपली विद्या जाते आहे.

म्हणून मला वाटतं, जुन्नरच्या इतिहासात शिवनेरी आणि नाणेघाटानंतर खोडदचं प्रकरण यावं आणि त्याचं शीर्षक माणसाच्या नावावर असावं. स्वरूप यांच्याकडे पैसा कधीच भरपूर नव्हता, लोखंडही नव्हतं. दुसऱ्यांच्या जुन्या तबकड्या, डोंगराचा आयता उतार, चंद्राची कडा, ताणलेली तार, जे मिळालं ते त्यांनी घेतलं, आणि जिथं बचत चालत नाही तिथं, म्हणजे वेळेच्या हिशोबात, एक कणही सोडला नाही. आमच्या मुलांना शास्त्रज्ञ व्हायचं असो की घड्याळजी, कुठं हात आखडायचा आणि कुठं अजिबात आखडायचा नाही, एवढं त्यांच्याकडून शिकलं तरी पुष्कळ.